मीटर बाहेरच आहे

“काका, भिंत नाही हे आधी डोक्यातनं काढून टाका,” शलाका म्हणाली.

“अगं बाई, पण नाहीच आहे की भिंत!” मी म्हणालो. “माळावर सात दारं उभी केलीस. डावीकडं कुसळं, उजवीकडं कुसळं. हा माणूस खुळा आहे काय? किल्ली लागत नाही तर बाजूनं चार पावलं टाकावीत आणि जावं की पलीकडं!”

शलाकानं टाळी वाजवली. “काका, तेच तर! हे सगळं बघणाऱ्याला वाटलं पाहिजे. तुम्हाला वाटता कामा नये.”

मी कपाळावर हात मारला. चौदा वर्षं झाली त्याला. कळंब्याच्या पलीकडचा माळ, फेब्रुवारीतलं ऊन, आणि जुन्या बाजारातनं टेम्पोत घालून आणलेली सात दारं, एकामागं एक, चौकटीसकट. घराचा पत्ता नाही. मेंढरं घेऊन चाललेला एक म्हातारा सकाळीच थांबून विचारून गेला होता, “घर कुणाचं पडलं म्हणायचं?” त्याला काय सांगणार, कप्पाळ!

मी आप्पासाहेब मगदूम. वीज मंडळात मीटर रीडर. तेव्हा माझी एकतीस वर्षं नोकरी झाली होती आणि निवृत्तीला वर्ष उरलं होतं. सिनेमात कसा गेलो म्हणाल तर त्याला कारण एक कडी. शलाका तोडकरच्या घरी मीटरच्या पेटीची कडी गंजून बसलेली. मी दहा मिनिटं तिच्याशी झटत होतो आणि तोंडानं चालू होतं, “उघड गं बाई, तुझ्या पाया पडतो, तुझ्या घरातलं काही नको मला, नुसता आकडा दाखव.” ही पोरगी गॅलरीतनं ऐकत होती. धावत खाली आली आणि म्हणाली, “काका, माझ्या फिल्ममध्ये काम कराल?” आयुष्यात शाळेच्या गॅदरिंगलासुद्धा मी पडदाच ओढला होता. पण कुणी कशाला तरी बोलावलंय म्हटल्यावर मी हो म्हणालो. तेवढ्यासाठीच हो म्हणालो, खोटं कशाला बोलू?

फिल्म पंधरा मिनिटांची. एक माणूस संध्याकाळी कामावरनं घरी येतो. पहिल्या दाराला त्याची किल्ली लागत नाही. किल्ल्या बनवणारा येतो, दार उघडतं, तर मागं दुसरं दार. त्याच्यावर पाटी, ‘जेवणाची सुट्टी’. तिसऱ्या दाराच्या फटीतनं एक हात बाहेर येतो आणि म्हणतो, “झेरॉक्स?” चौथ्याची बेल दाबली की शॉक बसतो. पाचवं उघडतं ते एका बाकड्यावर, तिथं बसून राहायचं, का ते कुणालाच माहीत नाही. सहाव्या दाराला कडीच नाही. आणि सातवं दार... सातवं आपसूक उघडतं. आत एक बाई उभी असते. ती म्हणते, “आलात? किती उशीर केलात. मी कधीची थांबलेय. हात-पाय धुवा, पान वाढते.” त्यावर त्या माणसानं म्हणायचं, “माफ करा. घर चुकलं.” आणि मागं फिरून सगळ्या दारांतनं परत जायचं. संपली फिल्म.

“का गं? घर तर त्याचंच आहे ना?” मी विचारलं होतं.

“असेलही. पण इतकी दारं खाल्ल्यावर उघडलेलं दार त्याला खरं वाटत नाही,” शलाका म्हणाली. मला ते पटलं नाही. ह्या शिकलेल्या पोरांचं काहीतरीच, असं म्हणून मी सोडून दिलं.

पहिली सहा दारं दोन दिवसांत झाली. शॉक बसायचा सीन तर एका दमात ओके. मंडळाचा माणूस आहे म्हटलं मी, शॉक कसा बसतो ते मला शिकवू नका! कॅमेऱ्यावर इर्शाद मुजावर होता, शलाकाचाच वर्गमित्र. कॅमेरा त्याच्या मामाचा, लग्नाच्या शूटिंगचा. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी साडेसातला तो दुकानात पोचलाच पाहिजे होता, कारण लगेच पुढच्या दिवशी लग्नाची ऑर्डर होती आणि दारंही जुन्या बाजारात परत द्यायची होती. स्पर्धेला फिल्म पाठवायची मुदत त्याच आठवड्यात संपत होती. म्हणजे सातवं दार त्या दिवशी, उजेड जायच्या आत झालं तर फिल्म. नाही तर शलाकाचं वर्षभराचं मुसळ केरात.

सातव्या दारातल्या बाई म्हणजे मालन निकम. सरकारी दवाखान्यात नर्स, आणि हौसेनं नाटकांतनं कामं करायच्या. वय सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीस. ठसठशीत कुंकू, पायांत रबरी चपला आणि आवाज असा की वॉर्डाच्या ह्या टोकाला बोलल्या तर त्या टोकाचा पेशंट औषध गिळेल. दुपारी आम्ही पाचव्या दाराच्या बाकड्यावर जेवायला बसलो. मी कागदात बांधून आणलेली पावभाजीची पुडी सोडली. पाव ओलसर झाले होते.

“हे काय जेवण म्हणायचं?” त्या म्हणाल्या आणि भाकरीवर खर्डा घालून माझ्यापुढं सरकवली. “घरी कोण असतं?”

“मी असतो की.”

“आणि?”

“आणि मीच.”

त्या हसल्या. मग म्हणाल्या, “आमच्यातपण तेच. मालक जाऊन बारा वर्षं झाली. लेक लग्न होऊन पुण्याला. नाटकाच्या तालमी असल्या की बरं असतं बघा. नसल्या की संध्याकाळ खायला उठते.”

मी मान हलवली. बहिणींची लग्नं, मग वडिलांचं आजारपण, असं करता करता माझं राहून गेलं, हे त्यांना सांगावं असं वाटलं. पण त्यात सांगण्यासारखं काय होतं? मी म्हणालो, “खर्डा झणझणीत आहे.” त्या म्हणाल्या, “मग पाणी प्या.”

चार वाजता सातव्या दाराचा सीन लागला. इर्शादनं आम्हा दोघांच्या कपड्यांत, गळ्याशी, बिनतारी माइक खोचले. शलाका ओरडली, “ॲक्शन!”

मी चालत गेलो. दार उघडलं. मालनताई समोर. सुती लुगड्याचा पदर खांद्यावरनं घेतलेला. “आलात?” त्या म्हणाल्या. “किती उशीर केलात. मी कधीची थांबलेय. हात-पाय धुवा, पान वाढते.”

आणि मी म्हणालो, “मीटर!”

इर्शाद कॅमेऱ्यामागं खाली बसून हसला. शलाकापण हसली. अहो, एकतीस वर्षांची सवय! दार उघडलं की तोंडातनं तेच निघणार. दिवसाला दीडशे दारं, आणि दारातनं मिळणारं उत्तर एकच, “मीटर बाहेरच आहे.” जिन्याखाली आहे, बोळात आहे, बाहेरच आहे. कधी दार उघडायच्या आधीच आतनं, “कोण? मीटर? बाहेरच आहे!” उंबऱ्याच्या आत पाऊल टाकायचं कामच नाही. मला लोकांच्या चौकटींचे रंग पाठ होते, पण कुणाच्या घरात काय आहे ते मी कधी बघितलं नव्हतं.

दुसऱ्यांदा मी संवाद विसरलो. तिसऱ्यांदा ठसका लागला, तो खर्ड्याचा. ह्या तीन चुका खऱ्या.

चौथ्यांदा मी उंबऱ्याला अडखळलो. पाचव्यांदा “घर चुकलं” च्या ऐवजी “दार चुकलं” म्हणालो. सहाव्यांदा मान खाली. सातव्यांदा डोळ्यांत कुसळ गेलं. आठव्यांदा मी बोललोच नाही, नुसता उभा राहिलो.

“काका, अहो तीन शब्द आहेत!” शलाकाचा आवाज आता चढला होता.

“चार आहेत,” मी म्हणालो. “माफ, करा, घर, चुकलं.”

“मोजता येतात ना? मग म्हणा की!”

प्रत्येक वेळी मालनताई न कंटाळता दाराआड जायच्या, दार लावून घ्यायच्या, आणि परत उघडून तेच म्हणायच्या. पण तेच नाही. कधी “किती उशीर केलात” रागानं, कधी काळजीनं. एकदा म्हणताना त्यांनी हात पदराला पुसले, खरोखरच चुलीपासनं उठून आल्यासारखं. बारावा टेक झाला. चौदावा झाला. ऊन तांबडं व्हायला लागलं. इर्शाद घड्याळ बघत होता. शलाका माझ्याजवळ आली आणि हळू आवाजात म्हणाली, “काका, हात जोडते. माझ्याकडं दुसरा दिवस नाही. काय होतंय तुम्हाला?”

मी म्हणालो, “वय झालं गं. डोक्यात राहत नाही.”

साफ खोटं. डोक्यात सगळं होतं. आता सांगायला काय हरकत आहे? मला ते वाक्य ऐकायचं होतं. “आलात?” दार उघडून माझ्याकडं बघून कुणी असं म्हणालेलं मला आठवत नव्हतं. आई म्हणत असेल, पण आई मी नववीत असताना गेली. एकदा मी “घर चुकलं” म्हणालो की ओके होणार, दारं टेम्पोत चढणार आणि मी मंगळवार पेठेतल्या माझ्या खोलीचं कुलूप काढून आतला दिवा लावणार. म्हणून मी चुकत होतो. एका पोरीचं वर्ष पणाला लावून, मुद्दाम, सराईत चोरासारखा चुकत होतो. लाज वाटत होती. तरी दार लागलं की परत उघडायची वाट बघत होतो.

एकोणीस टेक झाले. विसाव्याला सूर्य डोंगराआड गेला. हातातले कागद शलाकानं खाली ठेवले, त्यावर दगड ठेवला आणि उताराला पाठ करून बसली. तिचे खांदे हलत होते. इर्शाद कॅमेरा उचलून वरच्या टेकाडाकडं गेला. मला वाटलं, गेला गाशा गुंडाळायला.

मी सहाव्या आणि सातव्या दाराच्या मधे उभा होतो. आत्ता जाऊन त्या पोरीच्या पाया पडावं असं वाटत होतं. तेवढ्यात मालनताई आपली पिशवी घ्यायला सातव्या दाराशी आल्या. पिशवी आतल्या कडीला अडकवलेली. खांद्याला पिशवी लावून त्या चौकटीत उभ्या राहिल्या आणि माझ्याकडं बघत म्हणाल्या, “मगदूम, असं तोंड पाडून काय उभे राहिलाय? एवढं काय त्यात? चला. केएमटीच्या बसनं माझ्याच स्टॉपला उतरा. सकाळची आमटी आहे, दोन भाकऱ्या जास्त टाकते. एकटीनं जेवून कंटाळा आलाय मला.”

वारा पडला होता. मेंढरांच्या घंटा लांबनं ऐकू येत होत्या. त्या वाट बघत होत्या, मी काय म्हणतो त्याची.

आणि मी म्हणालो, “माफ करा. घर चुकलं.”

स्वच्छ, खणखणीत. एक शब्द इकडचा तिकडं नाही. मग मी मागं फिरलो आणि सहावं, पाचवं, चौथं असं करत सगळ्या दारांतनं चालत परत आलो.

“ओके!” टेकाडावरनं इर्शाद बोंबलला. कानात त्याची ती आवाज ऐकायची यंत्रं होती, आणि आमच्या गळ्याशी माइक तसेच होते. उगवतीकडनं सात दारांचा एक शेवटचा लांबचा शॉट घ्यावा म्हणून तो वर गेला होता, आणि कॅमेरा चालू होता. “शलाका! मिळालं! काय मिळालंय तुला सांगू, ये बघ!”

शलाका धावत वर गेली, बघितलं आणि तशीच धावत खाली आली. माझ्या गळ्यातच पडली. “काका, हरामखोर माणूस आहात तुम्ही! विसाव्यापर्यंत रडवलं आणि एकविसाव्याला... देवा!”

मालनताई हळूहळू चालत आल्या. हसत होत्या. “अहो खुळे की काय तुम्ही?” त्या म्हणाल्या. “तुम्हाला वाटलं शूटिंगच चाललंय! मी खरंच बोलत होते.”

सगळे हसले. मीपण हसलो. “अस्सं होय!” मी म्हणालो. “मला वाटलं टेकच आहे.”

“मग?” त्यांनी विचारलं.

त्या ‘मग’ला मी आजवर काही कमी उत्तरं दिलेली नाहीत. अंघोळ करताना दिलीयत, दाढी करताना दिलीयत. त्या दिवशी मात्र मी घड्याळाकडं बघितलं आणि म्हणालो, “आज नको. सकाळी लवकर ड्युटी आहे.”

“बरं,” त्या म्हणाल्या. माइक काढून इर्शादच्या हातात दिला आणि उतरून डांबरी रस्त्याकडं गेल्या. मी पोरांबरोबर टेम्पोत दारं चढवायला थांबलो. दारं जड होती, नाहीतरी कुणीतरी हात लावायला पाहिजेच होता.

फिल्मला बक्षीस मिळालं. कॉलेजच्या हॉलमध्ये दाखवली तेव्हा झेरॉक्स मागणाऱ्या हाताला लोक पोट धरून हसले, शॉकला शिट्ट्या पडल्या. शेवटाला कुणी हसलं नाही. मग टाळ्या. एक प्राध्यापक येऊन माझा हात हातात घेऊन म्हणाले, “काय नैसर्गिक अभिनय हो!” मी म्हणालो, “चुकून झाला.” शलाकानं तो किस्सा सगळ्यांना सांगितला, खरं आमंत्रण आणि काकांना वाटलं शूटिंग. लोटपोट झाले सगळे. पुढं पुष्कळ ठिकाणी मीही तो किस्सा तसाच सांगितला. ऑफिसात, बहिणीच्या घरी, सगळीकडं हशा ठरलेला.

मालनताई पहिल्या रांगेत होत्या. बाहेर पडताना म्हणाल्या, “चांगलं दिसलं.” मी म्हणालो, “तुमच्यामुळं.” पुढं जूनमध्ये त्यांची बदली गडहिंग्लजला झाली. हे मला त्यांच्या घराचं मीटर बघायला गेलो तेव्हा कळलं. होय, ती गल्ली मी साहेबांना सांगून मुद्दाम मागून घेतली होती. दार दुसऱ्याच बाईनं उघडलं. मी काही बोलायच्या आधीच ती म्हणाली, “मीटर बाहेरच आहे.”

आता तो किस्सा मी सांगत नाही. कारण त्यात एक गोष्ट खोटी आहे, आणि ती सांगण्यासाठीच हे सगळं सांगतोय. मला वाटलं नव्हतं शूटिंग चाललंय. इर्शाद कॅमेरा उचलून गेलेला मी ह्या डोळ्यांनी बघितला होता. पोरगी रडत बसली होती. कोण कशाला टेक घेईल? मालनताई मलाच बोलावतायत, आप्पासाहेब मगदूमला, आमटी-भाकरी खायला, हे मला पहिल्या शब्दापासनं कळलं होतं. आणि मी भ्यालो. आत गेल्यावर चपला कुठं काढायच्या, कुठं बसायचं, जेवून झाल्यावर काय बोलायचं, इथपासनं मला काही माहीत नव्हतं. दारात उभं राहायचं तेवढं येत होतं. संवाद पाठ होता, तो म्हणून मोकळा झालो.

गेल्या महिन्यात शलाकानं फिल्म माझ्या मोबाइलवर पाठवली. ती आता मुंबईला असते, दिवाळीला फोन करते. “काका, आपली फिल्म बघा, अजून लोक बघतात,” म्हणाली. हॉलमध्ये शेवट आला तेव्हा मी मान खाली घातली होती. त्यामुळं तो शेवट मी कधी बघितलाच नव्हता. परवा बघितला. दुपारची वेळ, पंखा चालू, आणि मी एकटाच.

मी दारांतनं परत चाललोय, कॅमेऱ्यापासनं लांब, सातव्या दाराकडं पाठ करून. मागं ती चौकटीत उभी आहे. खांद्याला पिशवी. मला वाटलं होतं ती लगेच हसली असेल. हसत नाही. नुसती बघते. मग पिशवी खांद्यावरनं काढून हातात घेते. मग एक पाऊल बाहेर टाकते, आणि परत मागं घेते. मग दार लोटून घेते, हळू, आवाज होऊ नये असं, आणि आतनं कडी लावते. माळावर, घर नसलेल्या दाराला, कडी.

कडीच्या आवाजापर्यंत मी दर वेळी मोजतो. अकरा सेकंद. अकरा सेकंद ती दारात उभी होती, आणि मधे भिंत कुठंच नव्हती.